राजकीय मालिकेचं चित्र का फुटतं? मूळ फाइलपासून खोलीतल्या उजेडापर्यंत तपासणीचा क्रम

रात्रीची वेळ. मालिकेतला मुख्यमंत्री केबिनमध्ये एकटाच बसलाय. टेबलावर एक दिवा, मागे गडद भिंत, दारात स्वीय सचिव. संवाद दोनच, बाकी सगळं चेहऱ्यावर. नेमक्या त्याच क्षणी भिंतीवर पायऱ्या-पायऱ्या उमटतात, सचिवाचा चेहरा मेणाचा दिसायला लागतो आणि तो हसला की घाबरला हेच कळत नाही. मग कुणीतरी रिमोट उचलतं, ब्राइटनेस वाढवतं, शार्पनेस वाढवतं. पायऱ्या होत्या त्याहून ठळक होतात.

इथे चूक असते ती क्रमाची. दोष पाच ठिकाणी असू शकतो: मूळ एन्कोडिंग (चित्र दाबून फाइल बनवणं), इंटरनेटची लाइन, प्लेयर किंवा टीव्हीला लावायची स्ट्रीमिंग स्टिक, टीव्हीची सेटिंग आणि खोलीतला उजेड. रिमोटवरची बटणं त्यातल्या चौथ्या ठिकाणापुरतीच चालतात. पहिल्या तिघांत जे हरवलं ते टीव्ही परत आणू शकत नाही, तो फक्त उरलेलं आणखी भडक करतो. म्हणून खालच्या पायऱ्या दिलेल्या क्रमानेच करा. मधली एखादी गाळलीत तर पुढचं निदान चुकतं.

## तयारी: आधी तीन प्रसंग निवडून ठेवा

लॅपटॉपवर व्हीएलसी आणि मीडियाइन्फो हे दोन्ही मोफत प्रोग्राम टाकून ठेवा. राउटरपासून टीव्हीपर्यंत पोहोचेल एवढी लॅन केबल, कागद आणि पेन जवळ घ्या. मग तुम्ही पाहत असलेल्या मालिकेतून एकेक मिनिटाचे तीन प्रसंग निवडा आणि भाग क्रमांक, मिनिट, सेकंद लिहून ठेवा.

पहिला प्रसंग अंधाराचा. बंद केबिन, गाडीतली मागची सीट, रात्रीचं फार्महाऊस. राजकीय मालिकेत सौदे अशाच जागी ठरतात आणि एन्कोडर सगळ्यात आधी इथेच काटकसर करतो. ८-बिट चित्रात प्रत्येक रंगघटकाला २५६ छटा असतात. व्हिडिओत उजेडासाठी त्यातल्या १६ ते २३५ एवढ्याच, म्हणजे २२० वापरल्या जातात. दिव्याजवळच्या उजेडापासून कोपऱ्यातल्या काळोखापर्यंत उतरणाऱ्या भिंतीच्या वाट्याला समजा १८ छटा आल्या. १९२० पिक्सेल रुंदीवर त्या पसरल्या की प्रत्येक पट्टा शंभरेक पिक्सेल रुंद होतो आणि डोळ्याला सहज दिसतो. मूळ चित्रणात कॅमेऱ्याचा बारीक रवाळपणा असतो, तो या पट्ट्यांच्या कडा मोडून टाकतो आणि भिंत सलग वाटते. बिटरेट, म्हणजे दर सेकंदाच्या चित्राला मिळणारे बिट, कमी पडला की एन्कोडर पहिल्यांदा हाच रवा पुसतो. भिंतीवरच्या पायऱ्या आणि मेणाचा चेहरा हे दोन वेगळे रोग नाहीत, कारण एकच.

दुसरा प्रसंग गर्दीचा. विजयी मिरवणूक, गुलाल, फुलांच्या पाकळ्या, पत्रकारांच्या कॅमेऱ्यांचे लखलखाट. एन्कोडर प्रत्येक फ्रेम पूर्ण साठवत नाही. एक पूर्ण फ्रेम ठेवतो आणि पुढच्या फ्रेममध्ये कुठला तुकडा कुठे सरकला एवढंच लिहितो. चालणाऱ्या माणसाच्या बाबतीत हे छान जमतं. गुलालाचा प्रत्येक कण मात्र वेगळ्या दिशेला उडतो, मागच्या फ्रेममधून उचलण्यासारखं काहीच उरत नाही. वर फ्लॅश पडला की एक-दोन फ्रेमपुरतं सगळंच चित्र उजळतं आणि मागचा हिशेब निकामी होतो. ठरलेल्या बिटरेटमध्ये हे बसत नाही, म्हणून चित्राचे चौकोन पडतात.

तिसरा प्रसंग चालत्या संवादाचा. सचिवालयाच्या लांब व्हरांड्यातून दोघं झपाझप चालत बोलताहेत, कॅमेरा त्यांच्यासमोर उलट पावली सरकतोय. मागचे खांब आणि दारं सलग सरकतात की टकटक उड्या मारतात ते इथे कळतं.

याशिवाय कागद जवळून दाखवणारा एखादा क्षण मिळाला तर तोही टिपून ठेवा: राजीनाम्याची चिठ्ठी, आमदारांची यादी, निकालाचा फलक. चाळीस जणांच्या विधानसभेत एकविसाव्या नावावर सगळी गोष्ट फिरणार असेल आणि ते नावच वाचता येत नसेल, तर प्रेक्षकाच्या हाती काय लागलं?

> सावधान: ॲपवर प्रसंग सुरू केल्याबरोबर निदान करू नका. ॲप आधी हलक्या दर्जाचे तुकडे मागवतं आणि लाइन साथ देते हे पाहून दर्जा चढवतं. प्रसंगाच्या दोन मिनिटं आधीपासून सलग चालू द्या.

## १. दोष ओळखा आणि त्याला नाव द्या

"चित्र खराब आहे" एवढ्यावर काहीच ठरवता येत नाही. नेमकं काय दिसतं ते कागदावर लिहा.

- चौकोन पडतात, विशेषतः गर्दीत किंवा फ्लॅशमध्ये: बिटरेट कमी, किंवा लाइन दबल्यामुळे ॲप खालच्या दर्जावर उतरलंय.
- भिंतीवर, आभाळावर पट्टे: छटा अपुऱ्या, रवा पुसलेला.
- अक्षरांभोवती, डोक्याच्या कडेभोवती डास घोंघावल्यासारखी वळवळ: जास्त दाबलेलं एन्कोडिंग. टीव्हीचा शार्पनेस चढवलेला असेल तर ती आणखी ठळक होते.
- स्थिर चित्रात भिंत दर काही सेकंदांनी श्वास घेतल्यासारखी हलते: नवी पूर्ण फ्रेम येते तेव्हा पुसलेला रवा क्षणभर परत येतो आणि पुन्हा विरतो. एन्कोडिंग कमकुवत असल्याची ही पक्की खूण.
- हलणाऱ्या हाताच्या कडेला कंगव्याचे दात: इंटरलेस चित्र (एकाआड एक ओळींच्या दोन अर्ध्या चित्रांत साठवलेलं) नीट उलगडलेलं नाही.
- काळा रंग राखाडी, सगळं धुरकट, किंवा उलट काळा सूट म्हणजे नुसता डाग आणि पांढऱ्या खादीची वीणच दिसत नाही: पातळ्यांचा घोळ. टप्पा ४ पाहा.
- चालत्या दृश्यात टकटक: फ्रेम रेटचा मेळ नाही.

> तपासा: दोष दिसला की पॉज करा. थांबलेल्या चित्रातही तो तसाच असेल तर दोष एन्कोडिंगचा किंवा टीव्हीच्या रंग-पातळीचा. पॉज केल्यावर गायब झाला तर तो हालचालीचा. मग तोच प्रसंग दुसऱ्या पडद्यावर, अंधारात, लॅपटॉप किंवा फोनचा ब्राइटनेस पूर्ण ठेवून पाहा. पट्टे त्याच जागी दिसले तर टीव्ही निर्दोष.

ही एक तपासणी बऱ्याच घरांतला नवा टीव्ही घ्यायचा खर्च वाचवते.

## २. मूळ चित्रात दम किती आहे ते मोजा

### ॲपवर पाहत असाल तर

क्रमाने तीन गोष्टी बघा. पहिली, तुमच्या योजनेत किती रिझोल्यूशन मिळतं. दुसरी, खात्यातली आणि ॲपमधली दर्जाची सेटिंग. फोनवर कधीतरी "डेटा वाचवा" लावलेलं असतं आणि त्याच फोनवरून टीव्हीवर दाखवलं जातं. तिसरी गोष्ट सहसा कुणी पाहत नाही, ती म्हणजे उपकरणाचा वाइडवाइन दर्जा (वाइडवाइन म्हणजे नक्कल रोखणारं डिजिटल कुलूप). अँड्रॉइड उपकरणाला एल१ नसून एल३ असेल तर बरीच ॲप त्याला एचडी देतच नाहीत, लाइन कितीही वेगवान असो. "डीआरएम इन्फो" नावाच्या मोफत ॲपमध्ये हा दर्जा दिसतो. स्वस्तातल्या बिननावाच्या अँड्रॉइड बॉक्सची अडचण बहुतेक वेळा हीच असते. त्यावर सेटिंगचा इलाज नाही, मान्यताप्राप्त स्टिकच घ्यावी लागते.

यूट्यूबवर असाल तर "स्टॅट्स फॉर नर्ड्स" उघडा. प्रत्यक्ष रिझोल्यूशन, कोडेक (चित्र दाबण्या-उलगडण्याची पद्धत) आणि गळालेल्या फ्रेम तिथे दिसतात. गळालेल्या फ्रेमचा आकडा सतत वाढत असेल तर उपकरणाला तो कोडेक झेपत नाही. एव्ही१ हा कोडेक २०१८ मध्ये आला, त्याआधीच्या टीव्हीत तो उलगडणारी चिप नसते.

### फाइल असेल तर

मीडियाइन्फोमध्ये फाइल उघडा आणि पाच नोंदी करा: कोडेक, व्हिडिओ बिटरेट, रिझोल्यूशन, फ्रेम रेट, बिट डेप्थ. मग हा साधा हिशेब करा:

बिटरेट ÷ (रुंदी × उंची × फ्रेम रेट) = प्रत्येक पिक्सेलच्या वाट्याला आलेले बिट

१९२० × १०८० × २५ म्हणजे ५ कोटी १८ लाख ४० हजार पिक्सेल दर सेकंदाला. ५ एमबीपीएसची (दर सेकंदाला ५० लाख बिट) फाइल असेल तर वाट्याला ०.०९६ बिट येतात, २ एमबीपीएसची असेल तर ०.०३९. एच.२६४ या कोडेकसाठी ०.१ च्या आसपास असेल तर अंधाराचे प्रसंग बहुधा तग धरतात. ०.०५ च्या खाली गेलं की पट्टे आणि मेण आलंच. एच.२६५ ला साधारण निम्म्यात तोच दर्जा साधतो, म्हणून तिथे ०.०५ चालून जातं. हे अंदाजाचे आकडे आहेत. स्थिर संवादाचा भाग यापेक्षा कमीतही छान दिसेल, गुलालाचा भाग यापेक्षा जास्तीतही फुटेल.

"१०८०पी" ही पाटी चित्राच्या आकाराची आहे, दर्जाची नव्हे. २ एमबीपीएसच्या १०८०पी फाइलपेक्षा त्याच २ एमबीपीएसची ७२०पी फाइल अंधारात बहुतेकदा जास्त स्वच्छ दिसते, कारण तेवढेच बिट निम्म्याहून कमी पिक्सेलमध्ये वाटले जातात. ४के चंही तसंच. ४३ इंची टीव्हीवर १०८०पीचा एक पिक्सेल साधारण अर्ध्या मिलिमीटरचा असतो. सामान्य दृष्टीला पावणेदोन मीटरच्या पलीकडून तो वेगळा दिसत नाही. तीन मीटरवरच्या सोफ्यावर बसणाऱ्याला ४के चे जादा पिक्सेल दिसणारच नाहीत. त्याला फरक दिसतो तो चांगल्या बिटरेटचा आणि जादा छटा देणाऱ्या १०-बिटचा.

> सावधान: व्हॉट्सॲपवर आलेल्या क्लिपवरून मालिकेचा दर्जा ठरवू नका. साध्या पद्धतीने पाठवलेला व्हिडिओ तिथे पुन्हा दाबला जातो. तपासणीसाठी क्लिप पाठवायचीच तर "डॉक्युमेंट" म्हणून पाठवा.

## ३. लाइन आणि वाय-फाय

नेटफ्लिक्स स्वतः ७२०पी साठी ३, १०८०पी साठी ५ आणि ४के साठी १५ एमबीपीएस सुचवतं. ही किमान मागणी समजा. घरात आणखी दोन फोन चालू असतात, म्हणून दुप्पट मोकळीक धरा.

मोजायचं कसं यातच बहुतेक चुकतात. दुपारी, राउटरशेजारी उभं राहून, फोनवर मोजतात. मोजायला हवं रात्री नऊ ते अकरामध्ये, टीव्हीच्याच जागी, शक्य तर टीव्हीच्याच ब्राउझरवर फास्ट.कॉम उघडून. दहा-दहा मिनिटांनी तीनदा मोजा आणि सगळ्यात कमी आलेला आकडा खरा माना.

गोव्यातल्या जुन्या घरांत खरी अडचण लाइनची कमी आणि भिंतींची जास्त असते. चिऱ्याच्या जाड भिंतीतून ५ गिगाहर्ट्झचं वाय-फाय एकदा गेलं की दमतं, दुसऱ्या भिंतीपलीकडे जवळजवळ उरत नाही. राउटर ओसरीवर, टीव्ही मधल्या खोलीत, अशी मांडणी डिचोली, फोंडा, पेडण्याकडच्या घरांत सर्रास दिसते. इलाजांचा क्रम असा:

1. टीव्हीला लॅन केबल जोडा. कॅट ५ई केबल १०० मीटरपर्यंत चालते. अनेक टीव्हींचं लॅन पोर्ट १०० एमबीपीएसचंच असतं, तरी मालिकेला ते पुरून उरतं.
2. केबल शक्य नसेल तर राउटर टीव्हीच्या खोलीत आणा. लाइनची फायबर तार वाढवून घेणं दुसऱ्या राउटरपेक्षा स्वस्त पडू शकतं.
3. तेही जमत नसेल तर भिंतीपलीकडे दुसरा राउटर ठेवा, पण पहिल्याशी तारेने जोडून. वाय-फायवरच उचलून पुढे पाठवणारा रिपीटर वेग सहसा निम्म्यावर आणतो.
4. शेवटचा उपाय २.४ गिगाहर्ट्झ. भिंत ओलांडतो, पण शेजारच्या राउटरांची गर्दी त्याच पट्टीत असते.

पावसाळ्यासाठी वेगळी सूचना. माडाचं झावळं तारेवर पडलं की लाइट जाते, दोन मिनिटांत येते, पुन्हा जाते. दर वेळी फायबरचा डबा आणि राउटर नव्याने सुरू होतात आणि ॲप खालच्या दर्जावरून परत चढायला लागतं. या दोघांसाठी १२ व्होल्टचा छोटा यूपीएस लावा. विकत घेण्याआधी दोन्ही ॲडाप्टरवर लिहिलेले व्होल्ट आणि ॲम्पियर बघा, यूपीएसने दोघांच्या ॲम्पियरची बेरीज पेलायला हवी. वीज कडाडायला लागण्याआधीच टीव्हीचा आणि राउटरचा प्लग काढा, लॅन केबलही काढा.

मोबाइल हॉटस्पॉटवर पाहणाऱ्यांनी हा हिशेब ध्यानात ठेवावा: ५ एमबीपीएसने ४५ मिनिटांचा भाग सुमारे १.७ जीबी खातो. रोजच्या २ जीबीच्या पॅकमध्ये एक भाग कसाबसा बसतो. त्यानंतर अनेक पॅकमध्ये वेग ६४ केबीपीएसवर येतो आणि काही केल्या चित्र चालत नाही. वाळपईच्या आतल्या वाड्यांवर सिग्नल लटपटत असेल तर भाग आधी डाउनलोड करून पाहणं केव्हाही बरं, फक्त डाउनलोडचा दर्जा सेटिंगमध्ये "उच्च" केलाय ना ते पाहा. ॲपनी तो मुळात "साधारण" ठेवलेला असतो.

## ४. प्लेयर, स्टिक आणि एचडीएमआय

### पातळ्यांचा मेळ

व्हिडिओत काळा १६ वर आणि पांढरा २३५ वर असतो, कॉम्प्युटरच्या चित्रात ० आणि २५५ वर. पाठवणारा एक समजतो आणि टीव्ही दुसरं, की घोटाळा होतो. स्टिक १६–२३५ पाठवतेय आणि टीव्ही ०–२५५ धरून बसलाय, तर काळा राखाडी होतो आणि रात्रीचं केबिन धुक्यात बुडाल्यासारखं दिसतं. उलट झालं तर मंत्र्याचा काळा बंद गळा म्हणजे नुसता आकार उरतो आणि कार्यकर्त्याच्या पांढऱ्या कुर्त्यावरच्या चुण्या नाहीशा होतात.

टीव्हीत या सेटिंगला "एचडीएमआय ब्लॅक लेव्हल" किंवा "एचडीएमआय रेंज" म्हणतात. स्टिक आणि सेट-टॉप बॉक्ससाठी "लिमिटेड" किंवा "लो" ठेवा. लॅपटॉप जोडला असेल तर दोन्हीकडे एकच ठेवा, मग ते कुठलंही असो.

> तपासा: उन्हातल्या प्रचारसभेचा प्रसंग लावा. पांढऱ्या टोप्यांवर सावली आणि शिवण दिसायला हवी. मग अंधाराचा प्रसंग लावा. काळ्या सुटाची कॉलर आणि खांदा वेगळे दिसायला हवेत. दोन्ही दिसलं तर पातळ्या बरोबर आहेत. एकच दिसलं तर ब्राइटनेसला हात न लावता रेंज बदला.

### फ्रेम रेट

भारतातल्या वाहिन्यांचं चित्र २५ फ्रेम किंवा ५० फील्डचं, परदेशी मालिका बऱ्याचदा २४ च्या, आणि स्टिक मात्र सगळं ६० हर्ट्झवर पाठवते. २५ फ्रेम ६० मध्ये समान वाटता येत नाहीत: काही फ्रेम दोनदा, काही तीनदा दाखवाव्या लागतात. व्हरांड्यातले खांब टकटकतात ते यामुळे. स्टिकच्या डिस्प्ले सेटिंगमध्ये मूळ फ्रेम रेटशी जुळवून घ्यायचा पर्याय शोधून चालू करा. भाग सुरू होताना पडदा क्षणभर काळा होईल, तो बिघाड नव्हे.

### एचडीआर

एचडीआर, म्हणजे उजेड-काळोखाची जास्त रुंद पट्टी दाखवणारं चित्र, १०-बिट असतं, त्यामुळे पट्टे कमी होतात ही त्याची खरी देणगी. पण कमी प्रकाशाच्या स्वस्त पॅनेलवर तेच चित्र काळवंडतं. तुमच्या टीव्हीवर एचडीआर लावल्यावर अंधाराच्या प्रसंगातला चेहरा साध्या चित्रापेक्षा कमी दिसत असेल, तर आधी त्या मोडमधला बॅकलाइट पूर्ण वाढवा. तरी जमत नसेल तर स्टिकमधून एचडीआर बंद करा. बॉक्सवर एचडीआर छापलंय म्हणून ते सहन करत बसू नका.

## ५. आता टीव्हीची सेटिंग

वरचे टप्पे झाले असतील तरच. याच क्रमाने:

1. पिक्चर मोड "सिनेमा", "मूव्ही" किंवा "फिल्ममेकर". "व्हिव्हिड" दुकानातल्या लखलखाटासाठी असतो.
2. वीजबचत आणि उजेडानुसार आपोआप बदलणारा ब्राइटनेस बंद. नाहीतर प्रसंग गडद झाला की टीव्ही स्वतःच मंद होतो.
3. शार्पनेस शून्यावर, किंवा त्या कंपनीच्या तटस्थ आकड्यावर. अक्षरांच्या कडेची पांढरी रेघ नाहीशी होईपर्यंत खाली आणा.
4. हालचाल गुळगुळीत करणारा पर्याय बंद. तो मधल्या फ्रेम स्वतः बनवतो आणि गर्दीच्या प्रसंगात हातांभोवती चित्र फाटतं.
5. डायनॅमिक कॉन्ट्रास्ट बंद.
6. चित्राचा आकार "जस्ट स्कॅन" किंवा "फुल पिक्सेल". नाहीतर टीव्ही कडा कापून उरलेलं ताणतो आणि खालची बातम्यांची पट्टी अर्धी जाते.
7. नॉइज रिडक्शन: चांगल्या चित्रासाठी बंद. जुन्या, फुटलेल्या फाइलसाठी मात्र "लो" ठेवून बघायला हरकत नाही. टीव्हीत "स्मूद ग्रेडेशन" असा पर्याय असेल तर तोही "लो". पट्ट्यांवर टीव्हीकडे असलेला हा एकमेव कामाचा उपाय, "हाय"वर मात्र चेहरे पुन्हा मेणाचे होतात.

सेटिंग बहुतेक टीव्हींत प्रत्येक एचडीएमआय पोर्टसाठी आणि एचडीआरसाठी वेगळी साठवली जाते. एकदा केली की झालं, असं नसतं.

## ६. खोलीतला उजेड

दुपारी खिडकीतून पडद्यावर ऊन येत असेल तर कुठलंच एन्कोडिंग उपयोगाचं नाही. टीव्ही खिडकीच्या समोर नको, काटकोनात हवा. रात्री पूर्ण अंधारही नको: डोळे काळोखाला सरावले की पट्टे जास्त दिसतात. टीव्हीच्या मागे भिंतीवर पडेल असा एक मंद पांढरा दिवा लावा, त्याचा प्रकाश थेट डोळ्यात किंवा पडद्यावर येऊ नये. चवथीला (गणेश चतुर्थीला) घर भरलेलं असतं, समोर गणपतीवर टांगलेली फळाफुलांची माटोळी दिव्यांनी झगमगते आणि तिचं प्रतिबिंब पडद्यावर पडतं. त्या दिवसांत टीव्ही थोडा वळवणं हाच इलाज.

## ७. आवाज आणि सबटायटल

राजकीय मालिकेत अर्धी गोष्ट कुजबुजीत असते. संवाद दबतात आणि पार्श्वसंगीत अंगावर येतं, याचं नेहमीचं कारण ५.१ (सहा स्पीकरसाठी बनवलेला) आवाज टीव्हीच्या दोन स्पीकरवर उतरवला जातो हे. संवाद मधल्या चॅनेलमध्ये असतात आणि उतरवताना ते मागे पडतात. ॲपमध्ये ऑडिओची यादी उघडून "स्टीरिओ" निवडा. ते नसेल तर टीव्हीत "क्लिअर व्हॉइस" किंवा "नाइट मोड" लावा.

ओठ आणि आवाज जुळत नसतील तर साउंडबार किंवा टीव्हीतलं ऑडिओ डिले वापरा. आवाज ४५ मिलिसेकंद आधी आला तरी खटकतो, उशिरा आला तर साधारण १२५ पर्यंत जाणवत नाही. २५ फ्रेमच्या चित्रात एक फ्रेम ४० मिलिसेकंदांची, त्या पायरीने हळूहळू बदला. व्यासपीठावरचा वक्ता टेबलावर हात आपटतो तो क्षण जुळवायला सगळ्यात सोपा.

स्वतःच्या फाइलला मराठी सबटायटल जोडताना फाइल यूटीएफ-८ मध्येच साठवा. दुसऱ्या पद्धतीत साठवली तर प्रश्नचिन्हं दिसतात. चौकोन दिसत असतील तर फॉन्ट नाही: व्हीएलसीच्या सबटायटल सेटिंगमध्ये नोटो सान्स देवनागरी निवडा. वेलांट्या आणि जोडाक्षरं सुटी पडत असतील तर दोष प्लेयरचा, तो बदला. चित्रातच कोरलेली लाल सबटायटल टाळा. व्हिडिओत रंगाची माहिती उजेडाच्या चौथाई ठेवलेली असते, म्हणून लाल अक्षरांच्या कडा हमखास फिसकटतात. पांढरं अक्षर, काळी कड.

## ८. स्वतःकडचं रेकॉर्डिंग पुन्हा एन्कोड करताना

स्वतः चित्रित केलेलं राजकीय नाटक, मंडळाची छोटी मालिका किंवा स्वतः बनवलेल्या जुन्या डीव्हीडी यांच्यासाठी हा टप्पा. सेट-टॉप बॉक्सवरचं रेकॉर्डिंग बहुतेक वेळा कुलूपबंद असतं आणि त्याच बॉक्सवर चालतं, त्याच्या मागे लागू नका.

नव्याने चित्रण करणार असाल तर शटर १/५० ठेवा. आपल्याकडची वीज ५० हर्ट्झची, तिच्याशी न जुळणारं शटर ठेवलं तर ट्यूबलाइटखाली चित्र लपलपतं आणि ती लपलप एन्कोडरचे बिट फुकट खाते.

मग हँडब्रेक या मोफत एन्कोडिंग प्रोग्राममध्ये, याच क्रमाने:

1. स्रोत तपासा. डीव्हीडी असेल तर ७२० × ५७६ आणि बहुधा इंटरलेस. हालचालीच्या जागी कंगव्याचे दात आहेत का बघा.
2. इंटरलेस ओळखणं चालू ठेवून "डीकॉम्ब" लावा. हे आकार बदलण्याआधी व्हायला हवं. आधी आकार बदलला की दात चित्रात कायमचे मिसळतात.
3. आकार वाढवू नका. ५७६ चं १०८० केल्याने तपशील येत नाही, बिट मात्र पातळ होतात. मोठं करायचं काम टीव्हीवर सोपवा.
4. एन्कोडर: एच.२६५ १०-बिट. स्रोत ८-बिट असला तरी १०-बिटमध्ये एन्कोड केल्याने पट्टे कमी पडतात. जुन्या टीव्हीवर चालवायचं असेल तर एच.२६४ ८-बिट. एच.२६४ १०-बिट करू नका, बहुतेक टीव्ही तो उघडतच नाहीत.
5. दर्जा: ठरावीक बिटरेट न देता स्थिर दर्जाचा आकडा द्या. डीव्हीडीसाठी १८ ते २०, १०८०पी साठी २० ते २२. आकडा जितका लहान तितका दर्जा चांगला आणि फाइल मोठी.
6. प्रीसेट "स्लो". जुन्या लॅपटॉपवर एका भागाला काही तास लागतील, रात्री लावून ठेवा.
7. प्रगत पर्यायात एक्यू-मोड ३. हा अंधाऱ्या भागाला जास्त बिट देतो. केबिनच्या प्रसंगांसाठी यासारखा उपयोगी पर्याय दुसरा नाही.
8. डीनॉइज बंद. "स्वच्छ" करायच्या मोहात इथेच सगळे अडकतात. रवा पुसला की भिंतीवर पायऱ्या येतात.

> सावधान: पूर्ण भागाला हात घालण्याआधी फक्त अंधाराचं आणि गुलालाचं एकेक मिनिट एन्कोड करा आणि टीव्हीवरच बघा. लॅपटॉपच्या छोट्या पडद्यावर सगळंच चांगलं दिसतं.

नमुन्यात पट्टे दिसले तर दर्जाचा आकडा दोनने कमी करा आणि तेच मिनिट पुन्हा काढा. दोनदा कमी करूनही फरक पडला नाही तर पट्टे स्रोतातच आहेत, तिथे फाइल फुगवून उपयोग नाही. यूट्यूबवर चढवायचं असेल तर ही दाबलेली फाइल न देता संकलनातून थेट काढलेली, १०८०पी साठी किमान ८ एमबीपीएसची फाइल द्या, कारण तिथे ती पुन्हा एकदा दाबली जाणारच आहे. जास्त देता आलं तर द्या. आणि मूळ चित्रण पुसू नका. दोन डिस्कवर ठेवा आणि पावसाळ्यात त्या डिस्क हवाबंद डब्यात, सिलिका जेलच्या पुड्यांसोबत ठेवा.